धुऱ्याचं भांडण आणि कच्चा कैदी

घाटंजी तालुक्यातल्या एका ताईंनी विचारलं आहे. शेताच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, चुलत घराशी भांडण झालं, काठ्या निघाल्या, समोरच्याचं डोकं फुटलं. धाकट्या भावावर जिवे मारण्याच्या प्रयत्नाचा गुन्हा लागला आणि तीन आठवड्यांपासून तो यवतमाळच्या तुरुंगात आहे. आई रात्रीचं जेवत नाही. गावात जो तो वेगळं सांगतो. आत नेमकं काय असतं, मारतात का, तुरुंग असा का आहे आणि घरच्यांनी करायचं काय, हे त्यांचे प्रश्न.

ताई, मी तीस वर्षं तुरुंग खात्यात काढली. शिपाई म्हणून लागलो, तुरुंगाधिकारी म्हणून निवृत्त झालो. विदर्भातल्याच चार तुरुंगांत नोकरी झाली. आता दर्यापूरकडे गावी वावर पाहतो. महिन्यातून दोन-तीन माणसं तरी तुमचाच प्रश्न घेऊन ओसरीवर येऊन बसतात, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

सगळ्यात आधी एक गोष्ट पक्की समजून घ्या आणि आईलाही सांगा. तुमच्या भावाला शिक्षा झालेली नाही. तो कच्चा कैदी आहे, सरकारी भाषेत न्यायाधीन बंदी. खटला संपून ज्याला शिक्षा लागली तो पक्का, म्हणजे सिद्धदोष. गावात दोघांनाही 'जेलात गेलेला' असंच म्हणतात, पण कायद्याने दोघं वेगळे आहेत. २०२२ च्या अखेरीस देशातल्या तुरुंगांत ५,७३,२२० माणसं होती आणि जागा होती ४,३६,२६६ जणांची. त्या माणसांपैकी ४,३४,३०२ कच्चे होते. चारात तीन. माझी बरीचशी नोकरी या वाट पाहणाऱ्यांना सांभाळण्यात गेली, आणि त्यातले कितीतरी गुन्ह्यामुळे कमी आणि कागदामुळे जास्त आत राहिले, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. माझं सगळं सांगणं शेवटी त्या कागदाशीच येणार आहे.

तुरुंग असा का, हे विचारलंत म्हणून थोडं मागे जातो. पूर्वी कोंडून ठेवणं ही सहसा शिक्षा नसायचीच. शिक्षा म्हणजे दंड, फटके, हात तोडणं, गावाबाहेर हाकलणं, नाहीतर सरळ सूळ. माणूस अडकवून ठेवायचा तो निवाडा होईपर्यंत, किंवा दंड नाहीतर देणं फिटेपर्यंत. 'खोड्यात घालणं' हा शब्द आपल्या बोलण्यात राहिला आहे तो तिथला. लाकडाच्या ओंडक्याला भोकं, त्यात पाय अडकवलेले, राखणीला एक शिपाई, झाला तुरुंग. कौटिल्याने बंधनागाराबद्दल लिहिलं आहे. त्यात बायका आणि पुरुष वेगळे ठेवायला सांगितले आहेत, आणि राजाच्या जन्मनक्षत्राला व पौर्णिमेला लहान मुलं, म्हातारे, आजारी, अनाथ यांना सोडून द्यावं असंही म्हटलं आहे. पुढे मराठ्यांच्या राज्यात डोंगरी किल्ल्यांनी हे काम केलं.

उंच भिंत, बराकी, नंबर, घंटा आणि गिनती असलेला तुरुंग इंग्रजांनी आणला. १८३६ मध्ये इंग्रज सरकारात कायद्याचं काम पाहणाऱ्या मेकॉलेच्या सूचनेवरून एक समिती बसली आणि १८३८ मध्ये तिचा अहवाल आला. तोपर्यंत कैद्यांना बेड्या घालून रस्ते बांधायला नेत, आणि पुष्कळ ठिकाणी पैसे देऊन आपापलं रांधून खाऊ देत. समितीला हे फार ढिलं वाटलं. वर्षापेक्षा मोठी शिक्षा असलेल्यांसाठी मध्यवर्ती तुरुंग बांधा, रस्त्यावरची कामं बंद करा, भिंतीच्या आत जीव कंटाळेल असं कष्टाचं काम द्या, असं तिने सांगितलं. स्वतःच्या चुलीवर भाकरी भाजून खाणाऱ्याला ताट घेऊन रांगेत उभं केलं गेलं. त्यावरून तुरुंगांत दंगे झाले. १८५५ साली बिहारमध्ये आरा आणि मुजफ्फरपूरला कैद्यांचे पितळी लोटे काढून मातीची भांडी दिली, तेव्हा मुजफ्फरपूरला तर बाहेरचे लोकही कैद्यांसाठी रस्त्यावर आले. आत गेलेला माणूस तेव्हा लोकांना परका झालेला नव्हता. ही गोष्ट मला नेहमी आठवते, कारण आता तसं होत नाही.

आपल्याकडे १८५३ मध्ये वऱ्हाड निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आलं, १८५४ मध्ये नागपूरचं राज्य खालसा झालं. नागपूरचा मध्यवर्ती तुरुंग १८६४ चा, अमरावतीचा १८६६ चा. रेल्वे नागपूरला पोचली १८६७ मध्ये. म्हणजे आगगाडीच्या आधी तुरुंग आला.

चंद्रपूरचा तुरुंग मात्र गोंड राजांच्या जुन्या किल्ल्यात आहे. तिथे एक पिंपळ आहे. अहेरीकडचे जमीनदार बाबूराव शेडमाके यांनी इंग्रजांविरुद्ध हत्यार उचललं, त्यांना पकडून २१ ऑक्टोबर १८५८ ला चांद्याच्या, म्हणजे चंद्रपूरच्या, तुरुंगात फाशी दिली, ती त्या पिंपळाला. पंचविशीचा माणूस. तुमच्या भावापेक्षा फार मोठा नव्हे. दरवर्षी त्या दिवशी गडचिरोली-चंद्रपूरकडून गोंड बांधव दर्शनाला येतात.

१८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा आपल्या भागातल्या माणसाला माहीत असायलाच हवा. त्या कायद्याने अख्ख्या जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवल्या. त्यांनी हजेरी द्यायची, परवान्याशिवाय हद्द ओलांडायची नाही. पुढे कित्येकांना कुंपणाच्या वसाहतींत ठेवलं. हा कायदा १९५२ मध्ये उठला, म्हणून ३१ ऑगस्टला विमुक्त दिन पाळतात. पण आमच्या अमरावती-यवतमाळ भागात चोरी झाली की पहिली गाडी पारधी बेड्याकडे, म्हणजे त्यांच्या वस्तीकडे, वळते, हे मी नोकरीभर पाहिलं. सवय कायद्याच्या मागे सत्तर वर्षं राहिली.

तुरुंगाचा मुख्य कायदा १८९४ चा. त्याच्या ४६ व्या कलमात तुरुंगातल्या गुन्ह्यांसाठी फटके, बेड्या आणि गोणपाटाचे कपडेसुद्धा शिक्षा म्हणून लिहिलेले होते. पण त्याच कायद्यात कच्च्याला पक्क्यापासून वेगळं ठेवायचं, आणि कच्च्याला स्वतःचे कपडे, अंथरूण, बाहेरचं अन्न घेण्याची मुभा द्यायची, हेही होतं. १९१९-२० च्या समितीने पहिल्यांदा म्हटलं की माणूस सुधारून बाहेर पाठवणं हे तुरुंगाचं काम आहे. केंद्राने नव्या कायद्याचा नमुना काढला तो थेट २०२३ मध्ये. सव्वाशे वर्षं गेली मधे.

आणि याच तुरुंगांत आपली थोर माणसंही राहून गेली. १९२३ मध्ये नागपूरला झेंडा सत्याग्रह झाला तेव्हा जमनालाल बजाजांसह देशभरातून आलेले स्वयंसेवक आत गेले. १० जुलै १९३० ला लोकनायक अणे यांनी पुसदला राखीव जंगलातलं गवत कापून सत्याग्रह केला आणि तुरुंग पत्करला. ऑगस्ट १९४२ मध्ये आष्टी आणि चिमूर पेटलं तेव्हा गावंच्या गावं कोठडीत गेली. तुकडोजी महाराजांना त्याच महिन्यात चंद्रपूरला अटक झाली, नागपूर आणि रायपूरच्या तुरुंगांत ठेवलं होतं. सुटून आलेल्या माणसाला तेव्हा बायकांनी दारात ओवाळलं. तुमचा भाऊ सत्याग्रही नाही, हे खरं. पण तुरुंगाचं दार पाहून आलेला माणूस बाटला, अशी गावाची जी समजूत झाली आहे ती फार जुनी नाही, एवढं आईला सांगता येईल.

आता आतलं.

पहिल्या दिवशी मोठ्या फाटकातल्या लहान दारातून वाकून आत जावं लागतं. वॉरंट तपासतात, नाव, बापाचं नाव, गाव, अंगावरच्या खुणा लिहितात. झडती होते. पैसे, अंगठी, मोबाईल काढून नोंद करतात. डॉक्टर तपासतो. अंगावर मार असेल तर तो त्याच वेळी लिहिला गेला पाहिजे. भावाच्या अंगावर पोलीस ठाण्यातला मार असेल आणि तो भीतीने बोलला नसेल, तर वकिलामार्फत न्यायाधीशांना सांगता येतं.

सकाळी उजाडलं की बराक उघडते आणि गिनती होते. मग पाण्यासाठी रांग, संडासाला रांग, चहा-नाश्ता. दहा-अकराला जेवण: चपाती, भात, वरण, एक भाजी. दुपारी पुन्हा बंदी. तीनच्या सुमारास उघडतात, आणि संध्याकाळचं जेवण चार-पाचलाच वाटतात, कारण दिवस मावळायच्या आत सगळे बंद व्हावे लागतात. आपल्या घरी ज्या वेळेला ढोरं घरी येतात, त्या वेळेला तो जेवून बराकीत गेलेला असतो. म्हणून आई रात्री नऊला ताट पुढ्यात घेऊन 'पोरगं जेवलं असंन का' म्हणत असेल, तर तिला सांगा, ते चार तासांपूर्वी जेवलं.

मग संध्याकाळी सहापासून सकाळी सहापर्यंत बारा तास. दिवा रात्रभर चालू असतो. जागा कमी म्हणून माणसं एका अंगावर झोपतात. एकाने कूस बदलली की शेजारच्याला बदलावी लागते. नव्या माणसाला बहुतेक संडासाजवळची जागा मिळते आणि जुना सुटला की तो एक-एक जागा पुढे सरकतो. खरूज-नायटा हा बराकीचा कायमचा आजार. उन्हाळ्यात आपल्याकडचं ४५-४६ अंशांचं ऊन दिवसभर भिंतींत मुरतं आणि रात्रभर आत उतरत राहतं. मारतात का, या प्रश्नाचं माझं उत्तर असं आहे: मारहाणीला कायद्यात जागा नाही, ती होतही आली आहे, आणि आज कच्च्या कैद्याला जास्त मारते ती ही गर्दी आणि न आलेली झोप.

मारहाण झालीच तर गप्प बसू नये. १९७८ आणि १९७९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सुनील बत्रा प्रकरणात सांगितलं की तुरुंगाच्या दारात माणसाचे मूलभूत हक्क संपत नाहीत. दुसरा निकाल तर एका कैद्याने दुसऱ्या कैद्याच्या छळाबद्दल लिहिलेल्या पत्रावरून झाला. जिल्हा न्यायाधीश तुरुंगाला भेट देतात, तक्रारपेटी असते. मुलाखतीत भावाने काही सांगितलं तर तारीख, वेळ घरी वहीत लिहून ठेवा.

कच्च्या कैद्याला सक्तीने काम देता येत नाही. 'चक्की पिसायला लावतात' हे सिनेमातलं झालं. कष्टाचं काम सक्तमजुरीच्या पक्क्या कैद्याला असतं: सुतारकाम, हातमाग, शेती, स्वयंपाकघर. पूर्वी कामं जात पाहून वाटली जायची, झाडू कोणाच्या हातात आणि झारा कोणाच्या हातात हे ठरलेलं असायचं. कित्येक राज्यांच्या नियमपुस्तकांत ते छापलेलं होतं. सुकन्या शांता या पत्रकार महिलेच्या याचिकेवर ३ ऑक्टोबर २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने ते घटनाबाह्य ठरवलं. हा निकाल माझ्या निवृत्तीनंतर आला, पण वाचून बरं वाटलं. नोकरीत असताना मी त्या वाटणीवर सही केलेली आहे आणि ते आठवलं की आजही खाली मान जाते.

बायकांचा विभाग वेगळा असतो. सहा वर्षांपर्यंतचं मूल आईजवळ राहू शकतं. शिक्षाबंद्यांच्या मुलांसाठी अलीकडे 'गळाभेट' घेतात, त्या दिवशी बापाला मूल मांडीवर घेता येतं. एरवी मधे जाळी किंवा काच.

आता आपल्या भागातली एक गोष्ट, जी शहरातला माणूस सांगणार नाही. खर्रा, म्हणजे सुपारी-तंबाखू-चुना घोटून केलेली पुडी. आपल्याकडची पोरं दिवसाला पाच-सात पुड्या खातात आणि आत तो मिळत नाही. पहिले आठ-दहा दिवस पोरगं चिडचिडं होतं, हातपाय थरथरतात, डोकं धरून बसतं. मुलाखतीत 'मले खर्रा आन' म्हणून रडतं. मग घरचे चपलेच्या तळव्यात, साबणाच्या वडीत लपवून आणतात. ताई, हे काही केल्या करू नका. झडतीत सापडतंच. मुलाखत बंद होते, नोंद होते आणि भाऊ आत बदनाम होतो. शिवाय आत खर्रा पुरवणारा जो 'भाई' असतो, त्याचं देणं पोरगं आयुष्यभर फेडत राहतं. तुमचा भाऊ तीन आठवडे काढून बसला आहे, त्रासाचे मुख्य दिवस मागे पडले आहेत.

मुलाखतीला जाताना आधारकार्ड न्या. नोंदणी आधी होते आणि दुपारनंतर बहुतेक घेत नाहीत, म्हणून पहिली एसटी धरा. पुष्कळ मायबाप मजुरी बुडवून ऐंशी किलोमीटरवरून बाराला पोचतात आणि फाटकावरूनच परत जातात. ते पाहणं मला शेवटपर्यंत जड गेलं. व्हिडिओवरची ई-मुलाखतही आहे, ऑनलाइन नोंद करावी लागते, गावातल्या सेतू केंद्रात कोणीही करून देईल. घरचं जेवण आता सहसा घेत नाहीत. साधे कपडे, आतले कपडे, टॉवेल चालतात. कँटीनसाठी पैसे त्याच्या नावावर जमा करता येतात, पण जास्त टाकू नका. ज्याच्या नावावर पैसा दिसतो त्याच्याभोवती आत माणसं जमतात.

भेटीत काय बोलायचं, हेही सांगतो. रडू नका असं नाही म्हणत. पण वावराचं सांगा. मृगाचा पहिला पाऊस पडला की आमची बराक गप्प व्हायची. शेतकऱ्याची पोरं गजाला धरून मातीचा वास घेत उभी राहायची. एक म्हातारा मला रोज विचारायचा, "साहेब, माह्या वावरात तूर पेरली का नाही, कोनी सांगते का?" त्याच्या मुलाने मुलाखतीत सगळं सांगितलं, पण तूर राहिली होती. मी गावच्या पोलीस पाटलाला फोन लावून विचारलं. पेरली होती. त्या रात्री तो झोपला. कोणती कलमं लागली, वकील काय म्हणाला, हे तर सांगाच. पण निंदण झालं का, बैल कसा आहे, हेही सांगा. बाहेरचं जग आपल्यावाचून चालू आहे, हे आतल्या माणसाला खुपतं आणि त्यावरच तो जगतो.

आता कागद. इथे नीट लक्ष द्या.

भाऊ कोठडीत आहे म्हणून त्याला सरकारी खर्चाने वकील मिळण्याचा हक्क आहे. १९८७ च्या विधी सेवा कायद्यात कोठडीतल्या माणसाला उत्पन्नाची अट नाही. यवतमाळच्या न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, तालुका न्यायालयात समिती असते, तुरुंगातही त्यांचं मदत केंद्र असतं. १५१०० हा फोन फुकट आहे. खासगी वकील लावायला वावर गहाण टाकू नका. निदान तिथे एकदा जाऊन आल्याशिवाय तरी टाकू नका.

दुसरं, दिवस मोजा. पोलिसांनी दोषारोपपत्र, म्हणजे चार्जशीट, ठराविक दिवसांत न्यायालयात द्यायला हवं. ज्या गुन्ह्यांना फाशी, जन्मठेप किंवा दहा वर्षं अन् त्याहून जास्त शिक्षा होऊ शकते त्यांना ९० दिवस, बाकीच्यांना ६०. भावावर नव्या भारतीय न्याय संहितेचं १०९ वं कलम आहे, जुन्या दंड विधानातलं ३०७, म्हणून ९०. मोजणी अटकेपासून नाही, न्यायालयाने पहिल्यांदा कोठडी दिली त्या दिवसापासून, तो दिवस धरून. मुदत उलटली आणि दोषारोपपत्र आलं नाही, तर जामीन हा त्याचा हक्क होतो. पण मागितल्याशिवाय मिळत नाही, आणि अर्ज दोषारोपपत्र यायच्या आधी द्यावा लागतो. एका दिवसाच्या उशिराने हा हक्क गेलेली पोरं मी पाहिली आहेत. घरच्या कॅलेंडरवर त्या तारखेला लाल गोल करा आणि चार दिवस आधी वकिलाला आठवण द्या.

कोणीतरी तुम्हाला 'एक तृतीयांश शिक्षा काढली की सोडतात' असं सांगेल. नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याच्या, ४७९ व्या कलमात पहिल्यांदाच गुन्हा लागलेल्या कच्च्या कैद्यासाठी ती तरतूद आहे, आणि तसा अर्ज न्यायालयात पाठवणं हे तुरुंग अधीक्षकाचं काम आहे. पण ज्या गुन्ह्याला जन्मठेप होऊ शकते त्याला ती लागू नाही. १०९ मध्ये मार लागला असेल तर जन्मठेपेची तरतूद आहे, म्हणून त्यावर विसंबू नका. तसंच दिवस-रात्र वेगळे मोजतात म्हणून वर्ष सहा महिन्यांत संपतं, हे साफ खोटं. जन्मठेप म्हणजे चौदा वर्षं, हेही खोटं. जन्मठेप आयुष्यभराची असते. खुनासारख्या गुन्ह्यात चौदा वर्षं काढल्याशिवाय सुटकेचा विचारसुद्धा करता येत नाही, एवढाच त्या चौदाचा अर्थ.

चुलत्याच्या घरी समजूत काढायला कोणी जाऊ नका. साक्षीदारावर दबाव टाकला असं सरकारी वकील म्हणेल आणि जामीन अडकेल. गावातले चार भले लोक आपणहून बोलत असतील तर बोलू द्या, तुमच्या घरचं कोणी त्यात नको.

आणि आता ज्यावर माझा जीव सगळ्यात जास्त तुटतो ते. जामीन मंजूर होणं आणि माणूस सुटणं यांच्यात फार मोठी दरी असते. मेळघाटातला एक कोरकू आदिवासी पोरगा माझ्या बराकीत होता. चोरीची केस. न्यायालयाने १५ हजारांचा जामीन दिला, एक जामीनदार आणा म्हटलं. त्याच्या अख्ख्या ढाण्यात, म्हणजे वस्तीत, ज्यांच्याकडे जमीन होती ती वनहक्काच्या पट्ट्याची. तो पट्टा विकता येत नाही, म्हणून तो ऐपत म्हणून, म्हणजे जामिनाची रक्कम भरण्याची ताकद म्हणून, धरला गेला नाही. पोरगं जामिनाचा हुकूम हातात असून सात महिने आत राहिलं. आम्ही त्याला रोज मोजायचो आणि रोज बंद करायचो. एका नव्या वकीलबाईने अर्ज केला, न्यायाधीशांनी अट बदलून त्याला जामीनदाराशिवाय, स्वतःच्या लेखी हमीवर सोडलं. दहा मिनिटांचं काम होतं. त्या सात महिन्यांत मी तो अर्ज का लिहून घेतला नाही, हा प्रश्न मला अजून पडतो.

सर्वोच्च न्यायालयाने हे १९७८ मध्येच सांगितलं होतं. मध्य प्रदेशातल्या मोतीराम नावाच्या गवंड्याला दहा हजारांचा जामीनदार मागितला आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून तो नाकारला. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी ते चूक ठरवलं. दुसऱ्या जिल्ह्यातला जामीनदार चालतो, तुमचे मामा वाशिमला असले तरी चालतील. ३१ जानेवारी २०२३ ला न्यायालयाने आणखी सांगितलं: जामिनाचा हुकूम तुरुंगात ई-मेलने पाठवायचा, सात दिवसांत माणूस सुटला नाही तर अधीक्षकाने विधी सेवा प्राधिकरणाला कळवायचं, आणि महिनाभरात जामीनदार मिळाला नाही तर अट हलकी करायची का, हे न्यायालय स्वतः पाहू शकतं. गरीब कैद्यांसाठी केंद्राची योजनाही २०२३ पासून आहे. कच्च्या कैद्याच्या जामिनासाठी आणि पक्क्याच्या दंडासाठी त्यातून मदत होते. चौकशी प्राधिकरणातच करायची.

तुमच्या घरी पहिली अडचण कोणती येईल ते मी आत्ताच सांगतो, कारण दहातल्या सात घरांत तीच असते. वावर तुम्ही कसता, पण सातबारा अजून आजोबांच्या नावावर आहे. आजोबा जाऊन वीस वर्षं झाली, वारस नोंद झाली नाही, फेरफार झाला नाही. किंवा वडिलांच्या नावावर असला तरी त्यावर पीककर्जाचा बोजा चढलेला आहे. असा सातबारा घेऊन ऐपतीचा दाखला मिळायला त्रास होतो, आणि जामीन मंजूर झाल्यावर ही धावपळ सुरू केली की दोन-तीन आठवडे जातात. भाऊ तेवढे दिवस आत.

म्हणून जामिनाची वाट न पाहता याच आठवड्यात तलाठ्याकडे जा. वारस नोंदीचा अर्ज द्या, पोच घ्या. ती नोंद होईपर्यंत दुसरा जामीनदार पाहून ठेवा: मामा, मावसा, आत्याचा नवरा, ज्याचा सातबारा स्वतःच्या नावावर आणि कोरा आहे असा. त्याचा ताजा सातबारा, आठ-अ म्हणजे जमिनीच्या खात्याचा उतारा, आधार, दोन फोटो आणि रेशनकार्डाची प्रत एका पिशवीत घालून ठेवा. त्याला आधीच विचारा की पेशीच्या दिवशी न्यायालयात उभं राहायला येईल का. ऐन वेळी माणूस कापसाच्या वेचणीला निघून गेला, म्हणून एका पोराची दिवाळी आत झालेली मला आठवते. दोन माणसं ठरवून ठेवलीत तर आणखी चांगलं.